गडावर टाकं भरलेलं, गावात हंडा रिकामा



मार्च संपत आला की आपल्या डोंगरपट्ट्यातल्या प्रत्येक बैठकीत एक प्रश्न निघतो. चार महिने पाऊस कोसळत होता, भिंतींची ओल दिवाळीपर्यंत गेली नव्हती, मग ते सगळं पाणी गेलं कुठं? आणि त्याच्या पाठोपाठ दुसरा प्रश्न येतो. गावाच्या डोक्यावर जो गड उभा आहे, त्याच्या टाक्यात भर उन्हाळ्यातही पाणी असतं. तिथं ना नळ, ना बोअर, ना टँकर. मग तिथलं पाणी टिकतं कसं?

आम्ही जुन्नर तालुक्याच्या पश्चिम पट्ट्यात बचत गटांचं काम पाहणाऱ्या समन्वयक आहोत. आमच्या पट्ट्यात गड आहेत, नद्यांची उगमं आहेत, मोठी धरणं आहेत आणि उन्हाळ्यात रिकाम्या हंड्यांची रांगही आहे. म्हणून आज आपण सह्याद्रीची ओळख करून घेऊ ती पाण्याच्या बाजूनं. शाळेत डोंगर आणि नद्या पाठ केल्या, त्या परीक्षेपुरत्या. आज त्या आपल्या घरच्या हिशेबात मांडून पाहू.

डोंगर थरांचा आहे

सह्याद्री तापी नदीच्या दक्षिणेपासून निघतो आणि थेट कन्याकुमारीपर्यंत जातो. लांबी सुमारे १६०० किलोमीटर. महाराष्ट्रातलं त्याचं सगळ्यात उंच शिखर कळसूबाई, १६४६ मीटर. नावानं बाईच, आणि माथ्यावर तिचं देऊळ. राज्यातला सगळ्यात उंच गड म्हणजे नाशिक जिल्ह्यातला साल्हेर, १५६७ मीटर.

आपला महाराष्ट्रातला सह्याद्री घडला तो ज्वालामुखीच्या रसातून. साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वी जमिनीला भेगा पडून तापलेला रस वर आला, पसरला, थंड झाला. मग पुन्हा आला, पुन्हा पसरला. असं कितीतरी वेळा झालं. त्यामुळे आपला डोंगर एकसंध दगडाचा नाही, तो भाकरींच्या चवडीसारखा एकावर एक थरांचा आहे. पावसाळ्यात समोरच्या कड्याकडं नीट पाहिलं तर हे थर डोळ्यांनी मोजता येतात, कारण प्रत्येक थरावर गवताचा एक हिरवा पट्टा असतो.

हे थर सारखे नाहीत. एक असतो घट्ट काळा कातळ. त्यातून पाणी जात नाही, फक्त भेगा असतील तिथून झिरपतं. दुसरा असतो सच्छिद्र, ठिसूळ, ज्याला आपण मांजऱ्या म्हणतो. त्यात थोडं पाणी मुरतं. दोन थरांच्या मध्ये कुठं कुठं लाल मातीचा पट्टा सापडतो. तोही पाणी खाली जाऊ देत नाही. मग वरून मुरत आलेलं पाणी या लाल पट्ट्यावर किंवा घट्ट कातळावर अडतं, आडवं सरकत जातं आणि जिथं डोंगराचा उतार तो थर कापतो तिथं बाहेर पडतं. तोच आपला झरा. महाबळेश्वर, पाचगणीकडं माथ्यावर जांभा दगड आहे. तो चाळणीसारखा पाणी पिऊन घेतो आणि खालच्या काळ्या दगडावर सोडतो. तिथलेही झरे असेच दोन दगडांच्या सांध्यावर फुटतात.

एवढं एक लक्षात ठेवलं तरी पुष्कळ गोष्टी उलगडतात. झरा ही देवाची करणी मानून आपण हात जोडतो, ते जोडावेतच. पण त्या झऱ्याचं पाणी वरच्या कुठल्यातरी माळावर पडलेल्या पावसाचं आहे. तो माळ कोणता, हे माहीत असायला हवं. थर थोडे कललेले असतात, त्यामुळे कधीकधी झरा आपल्या शिवारात आणि त्याचं पाणी मुरण्याची जागा डोंगराच्या पलीकडच्या अंगाला, दुसऱ्या गावाच्या हद्दीत असते.

एका सरीच्या दोन वाटा

समुद्रावरून येणारे ढग सह्याद्रीच्या भिंतीला अडतात, वर चढतात, गार होतात आणि कोसळतात. म्हणून घाटमाथ्यावर पाऊस प्रचंड आणि पूर्वेला गेलं की झपाट्यानं कमी. महाबळेश्वरला वर्षाकाठी साडेपाच ते सहा हजार मिलीमीटरच्या घरात पाऊस पडतो आणि त्याच सातारा जिल्ह्यातल्या माण तालुक्यात पाचशेच्या आसपास. आमच्याकडंही तसंच. नाणेघाटात छत्री टिकत नाही, आणि जुन्नरच्या पुढं शिरूरकडं गेलं की बाया पावसाची वाट पाहत असतात.

नाणेघाटाच्या तोंडाशी उभं राहिलं की सह्याद्री म्हणजे काय ते एका नजरेत कळतं. समोर दोन हजार फुटांहून खोल कोकण. पावसाळ्यात तिथं वारा एवढा जोरात वर येतो की कड्यावरून पडणारं पाणी खाली जाण्याऐवजी वर उडतं. त्या कड्याच्या पश्चिमेला पडलेली सर मुरबाडकडं उतरते, उल्हास नदीच्या खोऱ्यातून काही तासांच्या वाटेनं अरबी समुद्राला मिळते. आणि चार पावलं अलीकडं, पूर्वेला पडलेली सर?

ती निघते लांबच्या प्रवासाला. आमची कुकडी नदी चावंड गडाजवळच्या पूर गावात, कुकडेश्वराच्या देवळापाशी उगम पावते. पुढं ती निघोजला येते. तिथं पात्रातल्या कातळात पाण्यानं गोटे फिरवून फिरवून रांजणखळगे कोरलेत. कुकडी घोड नदीला मिळते, घोड भीमेला. भीमा उजनीच्या धरणातून पंढरपूरला जाते आणि तिथं वळण घेताना आपण तिला चंद्रभागा म्हणतो. म्हणजे आपल्या खाचरातून वाहून गेलेलं पाणी विठोबाच्या पायापर्यंत जातं. पुढं भीमा कर्नाटकात रायचूरच्या बाजूला कृष्णेला मिळते आणि कृष्णा आंध्रात बंगालच्या उपसागराला.

सह्याद्रीतून पूर्वेला डोंगरांच्या फांद्या फुटतात: सातमाळा-अजिंठा, हरिश्चंद्र-बालाघाट, शंभू महादेव. या फांद्यांच्या मधल्या खोलगट भागात आपल्या मोठ्या नद्या वाहतात. पहिल्या दोन फांद्यांच्या मध्ये गोदावरी, त्र्यंबकेश्वरच्या ब्रह्मगिरीतून निघालेली, १४६५ किलोमीटर लांब. पुढच्या दोन फांद्यांच्या मध्ये भीमा, भीमाशंकरहून निघालेली. महादेवाच्या दक्षिणेला कृष्णा. क्षेत्र महाबळेश्वरच्या पंचगंगेच्या देवळात कृष्णा, वेण्णा, कोयना, गायत्री आणि सावित्री अशा पाच नद्यांची उगमं मानतात. त्यातली सावित्री तेवढी पश्चिमेला कोकणात उतरते. वेण्णा माहुलीला आणि कोयना कऱ्हाडला कृष्णेला भेटते.

उगमापाशी राहणाऱ्या आपल्यासारख्यांची गोष्ट मात्र अशी की नदी आपल्याकडं असते तेव्हा ती लहान असते, उताराची असते आणि चार महिन्यांची असते. ती मोठी होते, बारमाही होते, ती पुढं गेल्यावर. मग तिच्यावर धरण होतं. कुकडीवर माणिकडोह आणि येडगाव, पुष्पावतीवर पिंपळगाव जोगे, मीनेवर वडज, घोडेवर डिंभे. हे पाणी कालव्यांनी पारनेर, श्रीगोंदा, कर्जत आणि सोलापूरच्या करमाळ्यापर्यंत जातं. तिथल्या बहिणींच्या शेताला ते मिळावं, त्यात वाद नाही. पण पाणी खाली वाहतं. धरणाच्या वर, डोंगराच्या कुशीत राहणाऱ्या वाडीला धरण दिसतं, पाणी मिळत नाही. ठाणे जिल्ह्यातल्या शहापूर तालुक्यात भातसा, तानसा अशी मुंबईची तहान भागवणारी धरणं आहेत, आणि त्याच तालुक्यातल्या पाड्यांना उन्हाळ्यात टँकर लागतो. तेव्हा वरच्या गावांचं पाणी वरच अडवायला हवं. आणि हे काम पूर्वी कुणीतरी करून दाखवलंय. ते गडावर जाऊन पाहता येतं.

गड बांधणाऱ्यांनी पाणी कसं राखलं

गडाच्या आधीची गोष्ट नाणेघाटाची. तिथल्या लेण्यात दोन हजार वर्षांपूर्वीचा ब्राह्मी लिपीतला लेख आहे. तो सातवाहनांची राणी नागनिका हिचा. तिनं आणि तिच्या नवऱ्यानं केलेले यज्ञ आणि दिलेली दानं त्यात नोंदलेली आहेत. कोकणातल्या बंदरांवरून माल घेऊन येणारे तांडे या घाटानं चढून जुन्नरला जात. चढून आलेल्या माणसाला आणि जनावराला पहिल्यांदा काय लागणार? पाणी. म्हणून घाटाच्या वाटेवर कातळात टाकी कोरलेली आहेत. जुन्नरच्या आसपास दीडशेहून जास्त लेणी आहेत आणि लेण्यांजवळही टाकी आहेत. जुन्या लेखांत अशा टाक्याला पोढी म्हटलंय.

त्या काळच्या एका लेखाची आठवण आपल्या गटांना आवडेल म्हणून सांगतो. नाशिकच्या पांडवलेण्यांत नहपान राजाचा जावई उषवदात याचा लेख आहे. त्यानं विणकरांच्या श्रेणींकडं, म्हणजे कारागिरांच्या संघांकडं, ३००० कार्षापण कायमचे ठेवले. २००० वर महिन्याला शेकडा एक आणि १००० वर शेकडा पाऊण असं व्याज ठरलं. मुद्दल तशीच ठेवायची आणि व्याजातून भिक्षूंचा खर्च चालवायचा. गटात पैसा ठेवून त्याच्या व्याजावर कायमचं काम चालवायचं, ही रीत आपल्या मातीत इतकी जुनी आहे. त्याच्याच दुसऱ्या एका लेखात नद्यांच्या काठी धर्मशाळा आणि पाणपोया बांधल्याचीही नोंद आहे.

आता गडांकडं येऊ. शिवनेरीवर गंगा-जमुना टाकी आहेत. ज्या गडावर १६३० साली शिवाजी महाराजांचा जन्म झाला, त्या गडावर माणसं राहू शकली ती या टाक्यांच्या जिवावर. चावंडावर शेजारी शेजारी सात टाकी आहेत, त्यांना सप्तमातृका म्हणतात. सिंहगडावर देवटाकं, रायगडावर गंगासागर, राजगडावर पद्मावती तलाव, पन्हाळ्यावर अंधारबाव. रायगडाचं बांधकाम पाहणारे हिरोजी इंदुलकर. जगदीश्वराच्या देवळापाशी जो शिलालेख आहे, त्यात गडावरच्या राजवाड्यांबरोबर विहिरी आणि तळीही अभिमानानं मोजलेली आहेत.

पाण्याचं महत्त्व वेढ्यात कळायचं. १६६० मध्ये सिद्दी जौहरनं पन्हाळ्याला वेढा घातला, तो चार महिने चालला. दाणागोटा कोठारात असतो, पण पाणी नसेल तर गड आठवड्यात पडतो. रामचंद्रपंत अमात्यांनी १७१५-१६ च्या सुमारास लिहिलेल्या आज्ञापत्रात गडाविषयी सांगताना पाण्याचा मुद्दा फार बारकाईनं मांडलाय. गड बांधण्याआधी तिथं पाणी आहे का ते पाहावं. पाणी नाही आणि जागा तर सोडण्यासारखी नाही, असं असेल तर खडक फोडून टाकी करावीत. आणि एक झरा आहे म्हणून निश्चिंत राहू नये, कारण लढाईत तोफांच्या हादऱ्यानं झरे आटतात आणि नेमका तेव्हाच पाण्याचा खर्च वाढतो. म्हणून दोन-चार टाकी भरून राखून ठेवावीत, ते पाणी रोज खर्च करू नये.

मैत्रिणींनो, हे आपल्याच घराला सांगितल्यासारखं आहे. आज तोफा नाहीत, पण झऱ्याच्या वरच्या अंगाला रस्त्यासाठी किंवा खाणीसाठी सुरुंग उडतात. थर हलले, भेगा सरकल्या की झरा वाट बदलतो आणि बायांची वाटही लांबते.

गडावरचं टाकं नीट पाहिलं तर त्यात पाच गोष्टी दिसतात. एक, ते घट्ट कातळात कोरलेलं असतं, ठिसूळ थरात नाही, त्यामुळे गळत नाही. दोन, त्याचं तोंड पोटाच्या मानानं लहान असतं किंवा आत खांब सोडून वर दगडाचं छत ठेवलेलं असतं. त्याला खांबटाकं म्हणतात. सावलीत पाणी गार राहतं आणि उन्हानं उडून जात नाही. तीन, एक मोठं करण्यापेक्षा अनेक टाकी जवळजवळ असतात. वरच्या टाक्यात गाळ बसतो, खालच्यात निवळ पाणी उतरतं. चार, पाणी टाक्यात आणणाऱ्या पन्हाळी कातळात कोरलेल्या असतात, म्हणजे माथ्यावरचं पाणी कुठून कुठं जाणार हे आधीच ठरवलेलं असतं. पाच, टाकं खोदताना निघालेला दगड तटाला, घराला वापरलेला असतो. एका कामात दोन कामं.

१८१८ मध्ये इंग्रजांनी आमच्याकडचे गड घेतले तेव्हा चावंड, जीवधन यांच्या पायऱ्या सुरुंगांनी उडवल्या, म्हणजे पुन्हा कुणी तिथं ठाण मांडू नये. वाटा तुटल्या, तट पडले. टाकी मात्र राहिली.

गावातलं पाणी का टिकत नाही

आता हिशेब मांडू. एक चौरस मीटर जागेवर एक मिलीमीटर पाऊस पडला की एक लिटर पाणी होतं. वीस बाय सोळा फुटांचं छप्पर म्हणजे साधारण ३० चौरस मीटर. वर्षाला २००० मिलीमीटर पाऊस धरला तर त्या एका छपरावर ६०,००० लिटर पाणी पडतं. पहिले पाऊस छप्पर धुण्यात सोडले, थोडं सांडलं, तरी ४५,००० लिटर हाती येऊ शकतं. पंधरा लिटरचा हंडा धरला तर ३००० हंडे. म्हणजे पाणी पडत नाही, ही आपली अडचण नाही. ते आपल्याकडं थांबत नाही, ही अडचण आहे.

का थांबत नाही? उतार तीव्र, माती पातळ, खाली कातळ. पाणी सरसर ओढ्याला आणि ओढा धरणाला. बोअर मारला तर घट्ट कातळात साठायला जागाच नसते. भेग लागली तर पाणी, नाहीतर पैसा मातीत. भेगेत लागलेलं पाणीही मुरलेलं तेवढंच असतं आणि कधीकधी तेच झऱ्याचं पाणी असतं. बोअर चालू आणि खालचा झरा बंद, असं होऊ शकतं.

माथ्यावरचं रान तुटलं की आणखी नुकसान. झाडं, झुडपं आणि कुजलेला पाला पाण्याचा वेग मोडतात, त्याला मुरायला वेळ देतात. आपल्या आज्या सांगत की देवराईतली काडी तोडू नये, आणि साती आसरांच्या जागी चप्पल घालून जाऊ नये, खरकटं धुऊ नये. पाण्याच्या कडेला शेंदूर लावून मांडलेले ते सात दगड म्हणजे आपल्या बायांनी केलेली पाण्याची राखणच होती. भीती देवाची असेल, पण झरा स्वच्छ राहत होता.

झरा मोजायला शिका

हे काम कुठल्याही गटाला एका सकाळी करता येतं. झऱ्याच्या धारेखाली पंधरा लिटरचा हंडा धरा आणि मोबाइलच्या घड्याळात वेळ पाहा. समजा तीन मिनिटांत भरला. म्हणजे मिनिटाला पाच लिटर, तासाला ३००, दिवसाला ७२०० लिटर. जलजीवन मिशनमध्ये माणशी रोज ५५ लिटर धरतात, त्या हिशेबानं हे पाणी १३० माणसांना पुरतं. आता समजा मे महिन्यात तोच हंडा भरायला बारा मिनिटं लागली. मग दिवसाला १८०० लिटर, म्हणजे बत्तीस माणसांपुरतं.

पण यात एक गोष्ट दडलेली आहे. आपण पाणी भरतो सकाळी आणि संध्याकाळी. झरा मात्र रात्रभर वाहतो आणि ते पाणी ओढ्याला जातं. झऱ्याखाली झाकणाची एक पक्की टाकी असेल तर रात्रीचं पाणी सकाळी मिळतं आणि पहाटे तीनला उठून नंबर लावणं टळतं. गडावरच्या टाक्याचीच ही युक्ती. चार मीटर लांब, तीन मीटर रुंद, तीन मीटर खोल टाक्यात ३६,००० लिटर, म्हणजे २४०० हंडे मावतात. आपल्याला एवढं मोठंही लागत नाही. पाच माणसांच्या घराला पिण्या-स्वयंपाकाला रोज ५० लिटर धरले तर मार्च ते मे या तीन महिन्यांना छपराच्या पाण्याची ५००० लिटरची टाकी पुरते.

जानेवारी, मार्च आणि मे, अशी वर्षातून तीनदा मोजणी करा आणि तारखेसह गटाच्या वहीत लिहा. दोन-तीन वर्षांच्या नोंदी हातात असल्या की ग्रामसभेत बोलणं सोपं जातं. नुसतं 'पाणी नाही' म्हटलं की पुढच्या वर्षी बघू असं उत्तर मिळतं. 'जानेवारीत तीन मिनिटं, मे मध्ये बारा मिनिटं' असं म्हटलं की समोरच्याला आकड्याला उत्तर द्यावं लागतं.

झऱ्याच्या वरच्या माळावर आडवे चर, दगडी बांध, गवत आणि झाडं, ही कामं मुरणं वाढवतात. मात्र इथं जपून. ३० जुलै २०१४ रोजी शेजारच्या आंबेगाव तालुक्यात माळीण गावावर डोंगर कोसळला आणि दीडशेच्या आसपास माणसं गाडली गेली. ते आपण विसरू शकत नाही. घरांच्या वरच्या तीव्र उतारावर जाणकार माणसाला दाखवल्याशिवाय खोदकाम करू नका. जमिनीला नवी भेग दिसली, झाडं किंवा खांब कललेले दिसले, झऱ्याचं पाणी एकाएकी गढूळ झालं किंवा नव्या जागी पाणी फुटलं, तर पावसाळ्यात वाट पाहू नका. घरच्यांना हलवा आणि तलाठी, ग्रामपंचायतीला लगेच कळवा.

गडावरच्या टाक्यांना हात लावतानाही परवानगी लागते. शिवनेरीसारखे गड पुरातत्त्व खात्याच्या ताब्यात आहेत, काही ठिकाणी वन खातं आहे. गाळ काढायचा असेल तर आधी अर्ज, मग श्रमदान. आणि टाक्याचं पाणी कितीही निवळ दिसलं तरी गाळून, उकळूनच प्यावं. गावोगावी पाच पाच महिलांना पाणी तपासणीच्या संचाचं शिक्षण दिलेलं असतं. आपल्या गावात त्या पाच जणी कोण आहेत आणि संच कुठं ठेवलाय, हे विचारा.

पाहुणे येतात, हंडे वाढतात

शेवटचा मुद्दा कमाईचा. जुलै २०२५ मध्ये मराठ्यांच्या बारा किल्ल्यांना युनेस्कोनं जागतिक वारशाच्या यादीत घेतलं. त्यात शिवनेरी, साल्हेर, लोहगड, राजगड, रायगड, प्रतापगड, पन्हाळा हे सह्याद्रीतले गड आहेत. खांदेरी, सुवर्णदुर्ग, विजयदुर्ग, सिंधुदुर्ग हे कोकण किनाऱ्यावरचे आहेत आणि जिंजी तमिळनाडूतला. याआधी २०१२ मध्ये पश्चिम घाटातली कास, कोयना, चांदोली, राधानगरी ही ठिकाणं त्या यादीत आली होतीच. आता गडांवर माणसं वाढतील. गटांना जेवणाच्या ऑर्डरी मिळतील. पिठलं-भाकरी, तांदळाची भाकरी, नाचणीचे पापड, हिरड्याचं चूर्ण, सगळं विकलं जाईल. चांगली गोष्ट आहे.

पण हिशेब पुरा मांडा. समजा रविवारी चाळीस पाहुणे जेवले. हातपाय धुणं, पिणं, स्वयंपाक, भांडी मिळून माणशी पंधरा लिटर धरलं तर ६०० लिटर. डोक्यावर हंडा आणि कमरेवर कळशी मिळून एका खेपेला वीस लिटर आणलं तर तीस खेपा. एक खेप अर्ध्या तासाची असेल तर पंधरा तास. म्हणजे दोन बायांचा पुरा दिवस नुसता पाण्यात गेला. आपल्या वहीत तेल, बेसन, गॅस सगळं लिहिलेलं असतं. पाण्याच्या रकान्यात मात्र काही नसतं, कारण पाणी घरच्या सुनेनं नाहीतर शाळेतल्या मुलीनं आणलेलं असतं.

तेव्हा ताटाचा दर ठरवताना पाण्याचा रोज धरा. समजा रोज ३०० रुपये, दोघींचे ६००. चाळीस ताटांवर वाटले तर ताटामागं पंधरा रुपये. पाहुणा ते देतो, फक्त मागावे लागतात. आणि ते पैसे ज्या दोघींनी पाणी आणलं त्यांच्या नावावर जमा झाले पाहिजेत. मुलीची शाळा बुडवून आणलेल्या पाण्यावर झालेला नफा आपण नफा मानू नये, असं आमचं स्पष्ट म्हणणं आहे. मे महिन्यात झरा बत्तीस माणसांपुरताच असेल तर त्या महिन्यात चाळीस पाहुण्यांची ऑर्डर घ्यायची का, हेही गटानं बसून ठरवावं. गावाचं पिणं आधी, पाहुण्यांचं नंतर. आणि गडावर जाणाऱ्या पाहुण्याला जाता जाता सांगावं: टाक्यात उतरू नका, बाटली टाकू नका, ते कुणाचंतरी पिण्याचं पाणी आहे.

पुढच्या मासिक बैठकीत एवढं करा. गावातल्या झऱ्यांची, विहिरींची आणि टाक्यांची नावं म्हाताऱ्या बायांना विचारून वहीच्या एका पानावर लिहा. कुठला झरा कधी आटतो, पूर्वी कधी आटायचा, त्याच्या वरच्या माळावर काय होतं आणि आज काय आहे, हे प्रत्येकीसमोर नोंदवा. मग त्यातला एक झरा निवडा आणि मोजायची तारीख ठरवा. हंडा, मोबाइल आणि दोन बाया, एवढीच तयारी लागते. आकडे आले की आम्हाला केंद्रावर कळवा, पुढच्या भागात आपण ते वाचून दाखवू.